मुराकींचे सेट कसे बघायचे

कलादिग्दर्शन शिकायला येणाऱ्या मुलांना मी पहिल्यांदा एकच गोष्ट सांगते: अकिरा कुरोसावा या जपानी दिग्दर्शकाचा 'रान' आत्ता बघू नका. जळता किल्ला बघून माणूस भारावतो, आणि भारावलेल्या माणसाला मोजमाप दिसत नाही. त्यांचे कलादिग्दर्शक योशिरो मुराकी यांचं काम शिकायचं असेल तर कुरोसावांच्याच 'योजिंबो'पासून सुरुवात करा. १९६१चा, कृष्णधवल, एक गाव, एक रस्ता. शेजारी वही, पेन्सिल आणि खोडरबर घेऊन बसा. खोडरबर जास्त लागेल.

मुराकी कोण, ते थोडक्यात. जन्म १९२४. तोहो स्टुडिओत ताकाशी मात्सुयामा या बुजुर्ग कलादिग्दर्शकाच्या हाताखाली तयार झाले. 'ड्रंकन एंजल' (१९४८) या कुरोसावांच्या चित्रपटावर ते सहायक होते. १९५५पासून १९९३च्या 'मादादायो'पर्यंत कुरोसावांच्या प्रत्येक जपानी चित्रपटाचं कलादिग्दर्शन त्यांचं. मधला 'देर्सू उझाला' तेवढा सोव्हिएत निर्मितीचा, त्यात ते नाहीत. ऑस्करची चार नामांकनं मिळाली, पुतळा एकदाही नाही. त्यातलं पहिलं नामांकन तर 'योजिंबो'च्या वेशभूषेसाठी होतं. २००९ साली, पंच्याऐंशीव्या वर्षी ते गेले. एवढी माहिती पुरे, बाकी पडद्यावरून काढायची.

आता काम. 'योजिंबो'चा पहिला अर्धा तास आवाज बंद करून बघा आणि वहीत गावाचा नकाशा काढा. रस्ता आडवा आखा. एका टोकाला एका टोळीचा म्होरक्या सेइबेई याचं घर, दुसऱ्या टोकाला दुसऱ्या टोळीच्या उशितोराचं, मध्यावर म्हाताऱ्या गोंजीचा गुत्ता, त्याच्या शेजारी शवपेट्या करणारा सुतार. गोंजी आलेल्या पाहुण्याला गावाची भानगड समजावतो तेव्हा तो एकेक फळी सरकवत जातो. या फटीतून हे घर, त्या फटीतून ते. पटकथाकाराला जे चार पानं संवाद घालून सांगावं लागलं असतं ते इथे सेट बांधणाऱ्या सुताराने सांगितलंय. गुत्त्याला सगळ्या बाजूंनी उघडता येतील अशा फळ्या हव्यात, हे कागदावर ठरल्याशिवाय हा प्रसंग लिहिताच येत नाही. नाहीतर तो उभं राहून भाषण झाला असता.

नकाशा झाला की चित्रपट आवाजासकट पुन्हा लावा आणि प्रत्येक प्रसंगाला त्यावर एक टिंब द्या: माणूस कुठे उभा, कॅमेरा कुठे. दोन टोळ्या समोरासमोर येतात तेव्हा तो पाहुणा, म्हणजे नायक सान्जुरो, मनोऱ्यावर चढून बसतो आणि तिथून मजा बघतो. मनोरा रस्त्याच्या मध्यावर असल्यामुळे एकाच चौकटीत डावे-उजवे दोघंही सापडतात. शेवटच्या मारामारीत उशितोराचा भाऊ उनोसुके याच्या हातात पिस्तूल आहे आणि सान्जुरोकडे तलवार आणि एक सुरा. रस्ता अरुंद असता तर हे दोघं दोन ढांगांत एकमेकांवर आले असते आणि पिस्तुलाचा धाकच उरला नसता. ती वाऱ्या-धुळीतली मोकळी जागा आधी बांधून ठेवलेली आहे. नाट्य त्या जागेत घडतं.

इथे आमच्या धंद्यातलं बोलते. गोरेगावला मालिकेचा वाडा उभा राहतो तेव्हा पहिला प्रश्न असतो, 'कॅमेरा कुठून लागणार?' मग तीन भिंती उभ्या राहतात आणि चौथी बाजू दिव्यांच्या स्टँडना मोकळी. त्यात गैर काही नाही, रोज बावीस मिनिटं भरायची असतात. पण वाड्यात राहणाऱ्या बाईला मागच्या दारी जायचं असेल तर ती कुठून जाईल, हे विचारलं की सेटवरचे सगळे एकमेकांकडे बघतात. मुराकींच्या गावात हा प्रश्न विचारा. उत्तर मिळतं.

दुसरा धडा मातीचा. त्यासाठी 'थ्रोन ऑफ ब्लड' (१९५७). शेक्सपिअरचा मॅकबेथ, सरंजामी जपानात आणलेला. किल्ल्याचा बाहेरचा भाग फुजी पर्वताच्या उतारावर बांधला. जागा निवडण्याची कारणं दोन: तिथलं धुकं आणि तिथली काळी ज्वालामुखी माती. बांधकामाला जवळच्या तळावरचे अमेरिकी सैनिकही हाताशी आले होते. पण माझ्या दृष्टीने खरी गोष्ट पुढे आहे. किल्ल्याचं आतलं अंगण टोक्योजवळ तोहोच्या आवारात उभं केलं, आणि तिथली जमीन फुजीशी जुळावी म्हणून फुजीची माती वाहून आणली.

चित्रपट सुरू असताना आता फक्त जमिनीकडे बघा. घोडे वेशीतून आत येतात, तो काप (कट) कुठे आहे ते शोधा. बाहेर डोंगर, आत स्टुडिओ, दोन्ही ठिकाणी टापांखाली तोच रंग, तसाच भुगा. दोन जागांची शिवण मातीने झाकली आहे. नवीन मुलं भिंती जुळवतात, रंगाचे नंबर लिहून ठेवतात, आणि जमीन विसरतात. वास्तविक माणूस ज्यावर चालतो ती गोष्ट डोळा आधी पकडतो.

त्याच चित्रपटात भिंतींकडे वळा. किल्ला बसका आहे, काळा आहे, छपरं खाली आलेली. शाईने काढलेल्या जपानी चित्रासारखा परिणाम कुरोसावांना हवा होता: काळं, पांढरं धुकं आणि मध्ये बरीच रिकामी जागा. खोल्यांत सामान जवळजवळ नाही. नोह या पारंपरिक जपानी नाटकाचा रंगमंच डोक्यात ठेवून आखलेल्या खोल्या आहेत, त्यामुळे असाजी, म्हणजे इथली लेडी मॅकबेथ, नुसती बसलेली असली तरी खोली भरते. ती मद्य आणायला अंधाऱ्या दारातून आत जाते, दिसेनाशी होते, आणि त्याच अंधारातून परत उमटते. त्या दारामागे काय बांधलं होतं? काहीच दिसू नये याची सोय. मी प्रायोगिक नाटकांचं नेपथ्य करते, तिथे काळा पडदा लावून आम्ही हेच करू पाहतो. फरक एवढाच की आमचा पडदा पडदाच दिसतो.

शेवटच्या बाणांच्या प्रसंगाला थांबवत थांबवत बघा. नायक झालेल्या तोशिरो मिफुनेच्या आसपास खरे बाण सोडले होते हे सगळ्यांना माहीत असतं. कलाविभागाच्या माणसाने मात्र फळ्यांकडे बघायचं. बाण रुतला पाहिजे, उसळून नटाच्या अंगावर यायला नको, आणि फळी फुटायलाही नको. सज्जा इतक्या माणसांच्या धावपळीत हलायला नको. असा सेट नुसता दिसायला चांगला असून भागत नाही.

तिसरा धडा लाकडाचा, आणि इथे मी जरा रेंगाळणार. 'रेड बिअर्ड' (१९६५) हा एडो काळातल्या कोइशिकावाच्या धर्मार्थ दवाखान्याचा चित्रपट. तीन तासांचा आहे, एका बैठकीत नको. या सेटसाठी जुन्यात जुन्या शेतघरांचं लाकूड मिळवलं, छपराची कौलं शंभर वर्षांहून जुन्या इमारतींची. कपडे आणि वस्तू महिनोन्‌महिने आधीपासून जुन्या केल्या. अंथरुणं त्या काळच्या नक्षीची शिवून घेतली आणि चित्रीकरणाआधी काहींवर सहा-सहा महिने माणसं खरोखर झोपली. एवढा मोठा सेट झाला की पर्यटकांच्या बस तिथे यायला लागल्या. आणि त्यातला रस्ता पडद्यावर दिसतो किती, तर डोळा लवेपर्यंत.

हा वेडेपणा आहे का? पैशांच्या हिशेबाने आहे. तरी आधी तपासून बघा, मग बोला. एजिंग, म्हणजे सेटला आणलेलं जुनेपण, खरं की खोटं हे ओळखायच्या माझ्या जागा ठरलेल्या आहेत: दाराची कड जिथे हात लागतो, खांबाचा खालचा वीतभर भाग जिथे केरसुणी आपटते, उंबरठ्याचा मध्य, आणि खिडकीखालची भिंत जिथे पाणी ओघळतं. खोट्या सेटवर मळ सगळीकडे सारखा असतो, कारण तो पेंटरदादाने स्प्रेने मारलेला असतो. खऱ्या घरात मळ माणसाच्या सवयीप्रमाणे बसतो. 'रेड बिअर्ड'च्या ओसरीवर हात लागतात तिथे लाकूड तुळतुळीत आहे आणि कोपऱ्यात कोरडं. नवीन फळीवर हीच कळा आणायची असेल तर एक जुनी युक्ती आहे. फळी वरवर जाळायची आणि तारेच्या ब्रशने घासायची. मऊ भाग झडतो, रेषा वर उठतात. मग पातळ रंग आणि कपड्याने पुसणं. आपल्याकडच्या पाईनवर हे छान होतं. प्लायवर करू नका, वरचा थर जळून पोपडे निघतात.

कृष्णधवल चित्रपटात लाकडाच्या रेषा म्हणजेच रंग, हेही इथेच कळतं. भिंत सपाट राखाडी ठेवली असती तर नट तिच्यात बुडाले असते.

आता निर्मात्याच्या डोळ्यांनी बघायला शिका. मुलांना हे आवडत नाही, पण कलादिग्दर्शक हा निर्मात्याचा पैसा सर्वात दिसेल अशा रीतीने खर्च करणारा माणूस असतो, आणि मुराकींची कारकीर्द पैशांच्या गोष्टी वगळून समजतच नाही. 'ड्रंकन एंजल'चा बाजार घ्या. दिग्दर्शक काजिरो यामामोतोंच्या एका चित्रपटासाठी तोहोने काळ्या बाजाराची आख्खी वस्ती उघड्यावर उभी केली होती. ती पाडण्याऐवजी हिच्यात आणखी काही करता येईल का, असं कुरोसावांना विचारलं गेलं, आणि तिथून हा चित्रपट सुरू झाला. त्या वस्तीच्या मधोमध सांडपाण्याचं डबकं आलं, आणि सगळी कथा त्या डबक्याभोवती बसली. उरलेल्या सेटमध्ये एकच नवी गोष्ट घालायची तर कोणती घालाल? हा प्रश्न कागदावर लिहा आणि चित्रपट बघताना स्वतः उत्तर द्या. डबक्याचा खर्च काय असणार, खड्डा, पाणी आणि कचरा. पण क्षयरोगी गुंड, दारुडा डॉक्टर, त्या पाण्यावर येणारे बुडबुडे, सगळं त्यातून निघालं.

नंतर गणित बदललं. 'हिडन फोर्ट्रेस'ला (१९५८) वेळ आणि पैसा इतका लागला की तोहोने दिग्दर्शकानेच जोखमीत वाटा उचलावा असं ठरवलं, आणि १९५९मध्ये कुरोसावांची स्वतःची निर्मितिसंस्था निघाली. 'योजिंबो', 'हाय अँड लो', 'रेड बिअर्ड' या सगळ्यांत तिचे पैसे आहेत. म्हणजे सहा महिने अंथरुणावर माणसं झोपवायची तर तो खर्च स्वतःच्याही खिशातून जातो. हे कळल्यावर त्या अंथरुणांकडे पुन्हा बघा. आपल्याकडे ही दोन्ही डोकी एकाच माणसात होती: प्रभातचे साहेबमामा फत्तेलाल. कंपनीचे भागीदार, 'संत तुकाराम'चे दामल्यांबरोबरचे दिग्दर्शक आणि मूळचे कलादिग्दर्शक. पुण्याला त्याच जागेत आता फिल्म इन्स्टिट्यूट आहे, तिथे शिकणाऱ्यांनी तरी ही तुलना करून बघावी.

मोठ्या पैशाचा सेट बघायचा तर 'तोरा! तोरा! तोरा!' (१९७०). पर्ल हार्बरवरचा हल्ला, अमेरिकी स्टुडिओचा पैसा. जपानी बाजू कुरोसावा करणार होते, ते बाहेर पडले, आणि फुकासाकू व मासुदा या दिग्दर्शकांनी ती पूर्ण केली. जपानच्या क्यूशू बेटावर, आशिया नावाच्या गावाच्या किनाऱ्यावर, 'नागातो' ही युद्धनौका लाकडाने पूर्ण आकारात उभी केली होती. मुराकींना अमेरिकी कलादिग्दर्शकांबरोबर नामांकन मिळालं. मला हा सेट थक्क करतो, पण शिकवत फारसं नाही. मोजून बांधलेली गोष्ट आहे, बस.

'हाय अँड लो' (१९६३) मात्र सोडू नका. मराठी नाटकवाल्यांनी तर मुद्दाम बघावा, कारण पहिला जवळपास तास एका दिवाणखान्यात जातो. योकोहामाच्या टेकडीवर बुटांच्या कंपनीतला बडा अधिकारी गोंदो राहतो, त्याच्या ड्रायव्हरचा मुलगा पळवला जातो. खोली रुंद, पडदा त्याहून रुंद, पोलीस ठिकठिकाणी विखुरलेले. इथे वहीत भिंती काढू नका, माणसांमधली अंतरं काढा. गोंदो पैसे द्यायचे की नाही ठरवत असताना कोणाकडे पाठ करून उभा राहतो, बायको किती लांब, ड्रायव्हर कुठे खाली बसतो. फर्निचर फार कमी आहे, कारण माणसांनाच सामानासारखं मांडायचं आहे. मोठी काचेची खिडकी आणि तिचे पडदे हे या खोलीतलं मुख्य यंत्र. पडदे उघडे असले की खालून गुन्हेगार बघू शकतो, त्यामुळे पोलीस लपतात. ते ओढले की खोली कोंडते. एका पडद्याच्या दोरीवर तणाव चालवलाय. तुमच्या पुढच्या नाटकात उघडता-मिटता येणारी अशी एक गोष्ट ठेवा आणि ती फुकट वापरू नका.

उत्तरार्धात आपण टेकडीखाली येतो. उकाडा, अरुंद गल्ल्या, गुन्हेगाराची इवलीशी खोली, आणि तिथून वर दिसणारं गोंदोचं घर. दोन्ही खोल्यांचे नकाशे एकाच मापात शेजारी शेजारी काढा. मी हे नेहमी करायला लावते, आणि काढणारा काढता काढताच गप्प होतो.

याच चित्रपटातली रेल्वेची गोष्ट सेटवर अजूनही सांगितली जाते. धावत्या गाडीतून नदीकाठचा माणूस दिसायला हवा होता आणि मध्ये एका घराचा वरचा मजला येत होता. मालकाशी बोलून तो मजला उतरवला, चित्रीकरण झालं, मग पुन्हा बसवून दिला. आपल्याकडे असं कोणी मागितलं तर प्रॉडक्शनवाला फोन बंद करेल. तरी कलाविभागाचं काम नसलेलं बांधण्याइतकंच असलेलं काढून टाकण्याचंही आहे, हे लक्षात ठेवा.

रंगाचा धडा 'डोडेस्काडेन'मधून घ्या (१९७०). कुरोसावांचा पहिला रंगीत चित्रपट. टोक्योतल्या कचऱ्याच्या मैदानावर वस्ती उभी केली. श्रेयनामावलीत योशिरोंबरोबर शिनोबू मुराकी हे नाव आहे, ते वाचा. त्या त्यांच्या पत्नी, आणि स्वतः कलादिग्दर्शक. 'रान'च्या नामांकनातही दोघं आहेत. दोन मजूर शेजारी राहतात, एकाचं घर, कपडे, भांडी पिवळी, दुसऱ्याची लाल. बायकांची अदलाबदल होते तेव्हा रंगांचा गोंधळ काय होतो ते बघा, विनोद रंगाने केलाय. काही ठिकाणी जमिनीवर सावल्या रंगवलेल्या आहेत. सूर्य कुठे आहे ते बघून त्या शोधा. एक भिकारी बाप मुलाला घेऊन मोडक्या गाडीच्या सांगाड्यात राहतो आणि मनात बंगला बांधत असतो: फाटक कसं, कुंपण कसं, खिडक्या कशा. कलादिग्दर्शकाने हा प्रसंग बघून अस्वस्थ व्हावं. चित्रपट तिकीटबारीवर आपटला. माझ्या मते मुराकींचं सगळ्यात धाडसी काम हेच, 'रान'पेक्षाही, आणि यावर माझं बऱ्याच लोकांशी भांडण आहे.

आता 'रान' (१९८५) लावा. कथेतला तिसरा किल्ला फुजीच्या उतारावर बांधला आणि खराखुरा जाळला, लहान प्रतिकृती वापरली नाही. आग एकदाच लागते, दुसरा टेक नाही. त्यामुळे आरेखनात सौंदर्याआधी क्रम आला असणार: आधी काय पेटावं, जिना कुठवर टिकावा, नायक झालेला तात्सुया नाकादाई पायऱ्या उतरून सैन्याच्या मधून बाहेर जाईपर्यंत काय उभं राहावं. प्रसंग थांबवून ज्वाला कुठून निघतात त्याचे बाण वहीत काढा. मग दुसरा व्यायाम. चित्रपटात हिमेजी आणि कुमामोतोचे खरे किल्लेही आहेत. चारशे वर्षांचा खरा दगड आणि मुराकींची ताजी भिंत, दोन्ही एकाच राज्यातली वाटायला हवीत. कुठे फसलात ते खूण करून ठेवा. खरं-खोटं ओळखायला उंबरठा, खांबाचा तळ, पाण्याचे ओघळ, त्याच जागा.

हे सगळं झालं की वहीतल्या नकाशांपैकी एक निवडा आणि त्याचं मॉडेल करा. एकास पन्नास पुरे. माऊंट बोर्ड, फेव्हिकॉल, कटर. 'योजिंबो'चा रस्ता केलात तर टाचणीच्या टोकाला कागदाचा माणूस लावून त्याला गुत्त्यातून सेइबेईच्या दारापर्यंत चालवा, आणि मोबाईल बोर्डाच्या पातळीवर ठेवून फोटो काढा. रस्ता अर्ध्याने अरुंद करून तेच पुन्हा करा. दोन्ही फोटो शेजारी ठेवा. तिसऱ्या फोटोसाठी मनोरा काढून टाका. मग मला प्रश्न विचारायला या, त्याआधी नको.